हमीवर सुटका : व्यापारातल्या गुन्ह्याला तुरुंगच हवा का?



साहित्य मंडळाने होमिओपॅथीच्या डॉक्टरला व्याख्यानाला बोलावले, की तो मधुमेहावर नाहीतर म्हातारपणावर बोलणार हे लोक धरूनच चालतात. मी विषय कळवला तेव्हा चिटणीसांनी दोनदा फोन करून विचारले, "डॉक्टर, कायद्यावर? तुम्ही?" मी वकील नाही, हे आधीच सांगून टाकतो. पण या विषयाचे कागद आमच्या घरी माळ्यावर एका पत्र्याच्या ट्रंकेत आहेत आणि गेली तीसेक वर्षे मी ते अधूनमधून उतरवून वाचत आलो आहे. बोललो त्यात छापताना थोडी भर घातली आहे. ऐकलेल्यांनी ती चालवून घ्यावी.

माझे आजोबा पोर्तुगीज अमदानीत बेळगावकडून डिचोलीत आले. आम्ही जैन. गोव्यात जैन म्हटले की लोकांना आम्ही काल-परवा आलेले व्यापारी वाटतो. ज्यांना तसे वाटते त्यांनी कुडण्याला जाऊन गुजीराचे भग्न अवशेष एकदा पाहावेत. ते असो. आजोबांनी किराणा मालाचे दुकान घातले, तुमच्याकडे पसरा म्हणतात तो. बुधवारच्या बाजाराला सत्तरीपासून गिऱ्हाईक यायचे. आजोबांनंतर ते दुकान माझ्या वडिलांनी, आप्पांनी, चालवले.

१९८४ साली मी बेळगावला होमिओपॅथी शिकत होतो. एका सकाळी फूड इन्स्पेक्टर दुकानात आले, हळदपुडीचा नमुना मागितला, रीतसर पैसे मोजून पावती घेतली, तीन बाटल्या भरून लाखेची मोहर केली. आप्पांनी त्यांना चहा पाजला. त्यांना काळजी नव्हतीच. काही आठवड्यांनी अहवाल आला : हळदीत लेड क्रोमेट. म्हणजे शिशाचा पिवळा रंग, हळद झळझळीत दिसावी म्हणून घातलेला.

आप्पांनी तो घातला नव्हता. हळद घाटावरच्या एका घाऊक व्यापाऱ्याकडून सुटी आली होती. त्याच पोत्यातली हळद आमच्या घरात आमटीला जात होती, आणि माझी थोरली बहीण बाळंतपणाला माहेरी आली होती, तिच्या पानातही तीच. कायद्याच्या दृष्टीने मात्र याला किंमत नव्हती. अन्नभेसळ प्रतिबंधक कायदा १९५४ चा. विकणाऱ्याला माल कसा आहे ठाऊक नव्हते, हा बचाव त्यात चालतच नसे. सुटकेची वाट एकच होती : माल परवानाधारकाकडून लेखी हमीसह घेतल्याचे दाखवायचे. त्यासाठी बिल हवे, आणि बिल नव्हते.

ते का नव्हते, हे आमच्या घरी कुणी मोठ्याने बोलत नसे. आज बोलतो. बिलाशिवाय माल घेतला की विक्रीकर वाचायचा आणि पोत्यामागे चार पैसे सुटायचे. सगळेच घ्यायचे, आप्पाही घ्यायचे. म्हणजे एका गुन्ह्यातून त्यांना सोडवू शकणारा कागद त्यांनी दुसऱ्या, लहानशा गुन्ह्यापायी घेतला नव्हता. मी त्यांना निर्दोष ठरवायला इथे उभा नाही, हे एवढ्यावरून ध्यानात यावे.

१९८८ मध्ये निकाल लागला. एक वर्ष सक्तमजुरी आणि दोन हजार रुपये दंड. कायद्यात सांगितलेली ही किमान शिक्षा होती, त्याखाली जायला न्यायाधीशांना वावच नव्हता. शिक्षेवर ऐकून घेताना आमच्या वकिलांनी विनंती केली, की आरोपी छप्पन्न वर्षांचा आहे, पहिलाच गुन्हा आहे, त्याला चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडावे. न्यायाधीशांनी कायद्याचे पुस्तक उघडून कलम वाचून दाखवले : ही सवलत फक्त अठरा वर्षांखालच्या आरोपीला. बाहेर आल्यावर आप्पा वकिलांना म्हणाले, "म्हणजे दुकान नातवाच्या नावावर करायला हवे होते." वकील हसले. आप्पा हसले नाहीत.

माझ्या विषयाची सुरुवात त्या कलमापासून होते, म्हणून आधी ही हमीवरची सुटका म्हणजे काय ते पाहू.

सरकारी मराठीत तिला परिवीक्षा म्हणतात. कोर्टात सगळे प्रोबेशनच म्हणतात, मीही तेच म्हणेन. तिची सुरुवात १८४१ साली अमेरिकेतल्या बोस्टनमध्ये झाली. जॉन ऑगस्टस नावाचा एक बूट शिवणारा कारागीर कोर्टात बसला होता. एका दारुड्याला तुरुंगात पाठवायची वेळ आली तेव्हा त्याने उठून सांगितले, की याला माझ्या हवाली करा, मी जामीन राहतो. ठरल्या मुदतीनंतर तो दारुडा शुद्धीवर, नीटनेटका होऊन कोर्टात उभा राहिला. पुढे १८५९ मध्ये मरेपर्यंत ऑगस्टसने सुमारे दोन हजार जणांची अशी हमी घेतली. वकील नव्हे, न्यायाधीश नव्हे, एक दुकानदार म्हणावा असा माणूस. मला ही गोष्ट फार आवडते.

आपल्याकडे देशभरचा कायदा १९५८ साली झाला. त्यात किरकोळ गुन्ह्यात नुसती ताकीद देऊन सोडता येते. त्याहून मोठ्या गुन्ह्यात, फाशी किंवा जन्मठेपेचा तो नसेल तर, तीन वर्षांपर्यंत चांगल्या वर्तणुकीचा बाँड लिहून घेऊन सोडता येते आणि लागल्यास प्रोबेशन अधिकाऱ्याची देखरेख लावता येते. ज्याचे नुकसान झाले त्याला भरपाई द्यायला लावता येते. एकविसाखालच्याला तुरुंगात घालायचे तर न्यायाधीशाला कारणे लिहावी लागतात. आणि बाँड मोडला, की मूळ गुन्ह्याची शिक्षा समोर उभी राहते. थोडक्यात, ही माफी नव्हे. दोष सिद्ध झालेलाच असतो. फरक इतकाच, की शिक्षा खुंटीवर टांगलेली असते आणि माणूस आपल्या घरात, आपल्या गल्लीत, सगळ्यांच्या नजरेखाली स्वतःला सुधारत असतो.

मग व्यापारातल्या गुन्ह्यांना ही वाट बंद का झाली? ती आधी उघडी होती. १९७२ साली ईश्वरदास विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की भेसळीच्या कायद्यात किमान शिक्षा असली तरी प्रोबेशनचा कायदा लागू होतो. मात्र तो जपून वापरा. आरोपी विशीच्या आतला पोरगा होता, त्याला सोडले. त्याच वर्षी विधी आयोगाचा ४७ वा अहवाल आला, विषय सामाजिक आणि आर्थिक गुन्ह्यांची शिक्षा. आयोगाचे अध्यक्ष होते न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर, साताऱ्याचे, देशाचे माजी सरन्यायाधीश, कामगारांच्या खटल्यांत ज्यांचे नाव आदराने घेतले जाते ते. त्यांच्या आयोगाने शिफारस केली, की अशा गुन्ह्यांना प्रोबेशनचा कायदा लागूच करू नये.

त्यानंतर कलमे भराभर आली. १९७३ मध्ये कस्टम्सच्या कायद्यात, १९७५ मध्ये प्राप्तिकराच्या, १९७६ मध्ये अन्नभेसळीच्या. भाषा जवळजवळ एकच : अठरा वर्षांखालील आरोपी वगळता प्रोबेशन नाही. आप्पांना वाचून दाखवलेले कलम ते हेच, २० एए.

गजेंद्रगडकरांसारख्या माणसाने असे का म्हणावे, यावर मी पुष्कळ विचार केला. ते दिवस आठवा. महाराष्ट्रात बहात्तरचा दुष्काळ. रेशनच्या रांगा, साठेबाजी, काळाबाजार. चोर एकाचे घर फोडतो. भेसळ करणारा हजार घरांत शिरतो आणि वर पांढरे कपडे घालून देवळाच्या समितीवर बसतो. त्याला समज देऊन सोडायचे, तर भाकरी चोरणाऱ्याला कशाला आत टाकायचे? हा राग खोटा नव्हता.

मुंबई उच्च न्यायालयातून वर गेलेला एक खटला आहे, प्याराली तेजानी विरुद्ध महादेव डांगे. सुगंधी सुपारीत सॅकरीन आणि सायक्लामेट सापडले होते. निकाल न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी लिहिला. कैद्यांना माणुसकीने वागवा म्हणून आयुष्यभर सांगणारा हा न्यायाधीश, पण इथे त्यांनी प्रोबेशन नाकारले. सभ्य धंद्याच्या आडून असंख्य निरपराध लोकांच्या जिवाशी खेळणाऱ्या माणसाच्या बाबतीत समाजाने धोका पत्करता कामा नये, असा त्यांचा रोख. एका वकील पेशंटाने मला त्या वर्षांचे ए.आय.आर.चे जाडजूड खंड वाचायला दिले होते. हा निकाल मी क्लिनिक बंद केल्यावर रात्री वाचला आणि मुलगा म्हणून संतापलो. दुसऱ्या दिवशी डॉक्टर म्हणून पुन्हा वाचला. शिसे मुलांच्या मेंदूवर काय करते ते मला माहीत आहे. त्याची सुरक्षित म्हणावी अशी पातळीच नाही. बुधवारच्या बाजारातून ती हळद किती घरांत गेली असेल? मला कृष्ण अय्यरांशी भांडता येईना.

पण त्याच खंडांत दुसरा एक निकाल सापडला आणि माझी गाडी पुन्हा रुळावरून घसरली. तो १९७९ साली छापून आलेला आहे. सेंट्रल एक्साइज बंगळूर विरुद्ध बाहुबली. नाव वाचूनच थबकलो; हे नाव आमच्या लोकांत असते. खटला सोन्याचा होता.

तुमच्यापैकी वयस्कर मंडळींना सोने नियंत्रण आठवत असेल. चीनच्या युद्धानंतर जानेवारी १९६३ मध्ये मोरारजी देसाई अर्थमंत्री असताना ते आले. चौदा कॅरेटहून शुद्ध सोन्याचे दागिने घडवायचे नाहीत, कच्चे सोने बाळगायचे नाही, नोंदी ठेवायच्या. पेडण्याला मी आठवड्यातून एकदा बसत असे तेव्हा एक वृद्ध सोनार दम्यासाठी यायचे. ते तरुणपणी सावंतवाडीला एका पेढीवर कामाला होते. सांगायचे, "डॉक्टर, चौदा कॅरेट मऊ येत नाही हो हाताला. मंगळसूत्राची वाटी घडवायची कशी? पुतळीला चकाकी यायची कुठून?" निम्मे सोनार मजुरीला गेले. जे राहिले ते शेगडी पेटवताना आधी दाराला कडी घालायचे. बापजाद्यांचा धंदा एका रात्रीत गुन्हा झाला होता, आणि अंगात तीच कला, हातात तीच सांडशी.

बाहुबलीच्या खटल्यात प्रश्न होता, की सोने नियंत्रणाचा नियम मोडणाऱ्याला प्रोबेशन देता येईल का. सर्वोच्च न्यायालयाने नाही म्हटले. हे नियम युद्धकाळातल्या संरक्षण कायद्याखालचे, तो कायदा प्रोबेशनच्या कायद्यानंतरचा आणि त्याच्यावर मात करणारा, आणि त्यात सहा महिन्यांची किमान शिक्षा. कायद्याच्या बाजूने पाहिले तर निकाल चोख आहे. पण पुढे काय झाले? चौदा कॅरेटची अट १९६६ सालीच गेली. १९६८ मध्ये स्वतंत्र कायदा आला, आणि १९९० मध्ये तो सगळाच्या सगळा रद्द झाला. ज्या गोष्टीसाठी सहा महिन्यांच्या आत शिक्षा नव्हती आणि ताकीद देऊन सोडण्याची सोय नव्हती, ती गोष्ट आज कोणत्याही सराफाच्या दुकानात काचेमागे ठेवलेली असते.

इथे मला फरक दिसला. शिसे १९८४ मध्ये विष होते, आजही आहे, शंभर वर्षांनीही असेल. सोन्याचा कॅरेट हा सरकारचा त्या काळापुरता हिशेब होता. दोन्हींना कायद्याने एकाच दोरीत बांधले. आणि हळदीत विष कालवणारा, ते पोते बिलाशिवाय विकणारा, ते डोळे झाकून घेणारा आणि त्यातली पाव शेर घरी नेणारा, या चौघांतल्या नेमक्या तिसऱ्याला धरले, कारण बाटली त्याच्या दुकानात भरली होती. घाटावरचा तो व्यापारी शेवटपर्यंत कुणाला सापडला नाही. पोत्यावर नाव नव्हते.

आप्पांचे अपील १९९२ मध्ये फेटाळले गेले. मी तेव्हा डिचोलीत क्लिनिक घातले होते. माफीचे दिवस वजा जाता ते दहा महिने आत होते. तुरुंगात कुणी वाईट वागवले अशी त्यांची तक्रार नव्हती. रात्री न जेवण्याचा नेम त्यांना पाळता आला, संध्याकाळची भाकरी ते उजेड असतानाच खात. त्यांना झोंबले ते वेगळेच. एका पत्रात त्यांनी मला लिहिले, की इथे मला बागेत पाणी घालायला लावतात, हळदीबद्दल मात्र मला कुणी काही विचारत नाही.

हे वाक्य मी पुढे फार वर्षे मनात वागवले. दहा महिने सरकारने त्यांना जेवू घातले, पहारा ठेवला, आणि ज्या गोष्टीसाठी आत टाकले तिच्याबद्दल काही शिकवले नाही, काही करवून घेतले नाही. बाहेर आले तेव्हा सुटी हळद घेताना काय पाहायचे हे त्यांना आत जाताना होते तितकेच ठाऊक होते.

आता काळ पालटला आहे. अन्नसुरक्षेचा २००६ चा कायदा आला आणि ५ ऑगस्ट २०११ पासून जुना भेसळीचा कायदा गेला. नव्या कायद्यात कमी प्रतीच्या मालाला तुरुंग नाही, पाच लाखांपर्यंत दंड आहे. चुकीच्या लेबलाला तीन लाखांपर्यंत. दंड ठरवताना अधिकाऱ्याने पाहायचे, की नफा किती झाला, चूक पुन्हा पुन्हा झाली का, आणि ती माणसाच्या नकळत झाली का. हे शेवटचे वाचले तेव्हा मी पुस्तक क्षणभर मिटून ठेवले. आप्पांना हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. अर्थात शिसे हे असुरक्षित अन्न, त्याला आजही तुरुंग आहेच, आणि असावा.

मार्च २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पश्चिम बंगालचा एक खटला निकाली काढला, ए. के. सरकार अँड कंपनीचा. साखरेच्या गोळ्यांवर लेबल बरोबर नव्हते. तपासणी झाली होती डिसेंबर २००० मध्ये. तीन महिन्यांची कैद होती. तोवर साठीला टेकलेल्या आरोपीची कैद काढून न्यायालयाने पन्नास हजार रुपये दंड केला, कारण आजच्या कायद्यात त्या चुकीला कैद नाही. तेवीस वर्षे लागली. लेबलासाठी.

आणि २०२३ चा जनविश्वास कायदा तुम्ही वर्तमानपत्रांत वाचला असेल. एका फटक्यात ४२ केंद्रीय कायद्यांतल्या १८३ तरतुदी बदलल्या; कुठे तुरुंग काढला, कुठे गुन्ह्याचे रूपांतर दंडात केले, कुठे तडजोडीची सोय केली. व्यापारी मंडळींनी स्वागत केले. मीही काही अंशी करतो. आमच्या धंद्यातच पाहा ना. बारा टक्क्यांवर अल्कोहोल असलेले होमिओपॅथीचे औषध किरकोळ विक्रीला तीस मिलीलीटरहून मोठ्या बाटलीत भरता येत नाही. नियम योग्यच आहे, नाहीतर लोक औषध म्हणून प्यायला बसतील. पण कुणा कंपाउंडरच्या हातून चुकीने मोठी बाटली भरली गेली, तर त्याने जेलात जावे असे कुणालाच वाटणार नाही.

माझी तक्रार दुसरीच आहे, आणि आजच्या बोलण्याचा सगळा गाभा हाच आहे. आधी आपण म्हणालो तुरुंगच हवा, हमी नको. आता म्हणतो तुरुंग नको, पैसे भरा. एका टोकावरून उडी मारली ती थेट दुसऱ्या टोकावर. मधे जी वाट १९५८ पासून कायद्यात आखून ठेवली होती, माणसाला मोकळे ठेवून, नजरेखाली ठेवून, त्याच्याकडून नुकसान भरून घेऊन सुधारायची, ती व्यापाऱ्यासाठी पुरती चालून पाहिलीच गेली नाही. दंड लहान माणसाला मोडतो आणि मोठ्याच्या वहीत तो खर्चाच्या रकान्यात जातो.

आपल्याच तालुक्यांकडे पाहा. पेडण्यात तेरेखोल आणि शापोरा नद्यांतून रेती काढणे हा पिढ्यान्‌पिढ्यांचा धंदा. होडीतून बुडी मारायची, बादलीने रेती वर काढायची. परवान्यांचे घोंगडे कित्येक वर्षे भिजत पडले, आणि घरे तर बांधली जातच होती. माझा एक पेशंट, पाठीच्या दुखण्याचा, होडीवाला. एका रात्री पकडला गेला. रेतीच्या चोरीचा गुन्हा वेगळा लागतो आणि खनिज कायद्याचा वेगळा, दोन्हींत तुरुंग आहे. खनिज कायद्यात पैसे भरून तडजोड करायचीही सोय आहे. त्याने होडी विकली आणि तडजोड केली. मी विचारले, आता काय करणार? म्हणाला, "दुसऱ्याच्या होडीवर जातो." नदीचा किनारा खचतो तो खचतोच आहे. दंडाने तो भरून आला नाही आणि तुरुंगानेही आला नसता. त्याच माणसाला तीन वर्षांच्या बाँडवर सोडून, त्याच नदीच्या खचलेल्या काठावर आठवड्याचा एक दिवस कांदळ लावायला लावले असते तर? निदान आपण काय खणले ते त्याने दिवसाउजेडी पाहिले असते.

आणि डिचोलीच्या खाणी. त्यावर मी काय बोलू, तुम्ही सगळे त्या लाल धुळीत वाढलेले. न्यायमूर्ती शाह आयोगाचा अहवाल २०१२ मध्ये आला, गोव्यातल्या बेकायदा खाणकामाचे नुकसान सुमारे ३५,००० कोटींचे मांडले गेले. खाणी बंद झाल्या. घरासमोर उभ्या राहून गंजलेल्या ट्रकांचे हप्ते कुणी भरले आणि ३५,००० कोटींसाठी कुणाच्या दारात काय गेले, हे प्रत्येकाने आपापल्या गावापुरते मनात मोजून पाहावे. मी आकडा पुन्हा सांगत नाही.

आमच्या परंपरेतले एक सांगतो आणि शेवटाकडे येतो. धर्मोपदेश करायचा नाही, वर्गवारी पाहायची आहे. उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रात गृहस्थाच्या अचौर्य व्रताला लागणारे पाच डाग सांगितले आहेत. ते ऐकून तुम्हाला आजच्या कायद्याची पुस्तके आठवतील : चोराला उत्तेजन देणे, चोरीचा माल घेणे, राज्याने घातलेली मर्यादा ओलांडून व्यवहार करणे, खोटी वजनमापे, आणि चांगल्या मालात हलका माल मिसळणे. दीड हजारहून जास्त वर्षांपूर्वी कुणीतरी व्यापाऱ्यांकडे इतके बारकाईने पाहिले होते. आणि त्यांना त्याने नाव दिले अतिचार. अतिचार म्हणजे व्रताला लागलेला डाग. व्रत मोडणे त्याहून पुढचे. डाग धुता येतो, पण त्याला प्रायश्चित्त लागते आणि प्रायश्चित्ताच्या पायऱ्या असतात. गुरूपुढे जाऊन तोंडाने सांगण्यापासून सुरुवात, आणि पार शेवटी काही काळ संघाबाहेर ठेवणे. संघाबाहेर ठेवणे पहिल्या पायरीवर नाही. आणि नुसते पैसे मोजून सुटण्याची पायरी मला त्यात कुठे सापडली नाही.

तेव्हा न्यायाधीशाचे हात बांधणारी ती कलमे जिथे जिथे उरली आहेत, कस्टम्समध्ये, प्राप्तिकरात, तिथून ती काढावीत असे मला वाटते. याचा अर्थ सगळ्यांना सोडा असा नाही. जाणूनबुजून विष घालणाऱ्याला आत टाका. बाँड मोडून दुसऱ्यांदा सापडला त्यालाही टाका. पण पहिल्या खेपेला न्यायाधीशाला विचारू तर द्या : तुला ठाऊक होते का, माल कुठून आणलास, ज्यांनी नेला त्यांच्यासाठी काय करशील? आप्पांना हे विचारले असते तर ते काय म्हणाले असते ते मला माहीत आहे, कारण ते त्यांनी न विचारता केले. पण दहा महिने आणि आठ वर्षे उशिरा.

तीन वर्षांचा बाँड त्यांना मिळाला असता तर त्यात काय लिहिता आले असते? की बिलाशिवाय एक पोतेही घेणार नाही. दर तीन महिन्यांनी स्वतःच्या खर्चाने मसाल्याचे नमुने तपासून अहवाल प्रोबेशन अधिकाऱ्याकडे देईन. बुधवारच्या बाजारात दुकानावर पाटी लावीन, की अमुक महिन्यात माझ्याकडून हळद नेली असेल तर ती परत आणा, पैसे घ्या. ही शेवटची अट त्यांना तुरुंगाहून कठीण गेली असती. आमच्यासारख्या घरांत गावापुढे असे उभे राहणे म्हणजे काय, ते तुम्ही जाणता.

विरुद्ध बाजूचे म्हणणेही मी ऐकले आहे. एक निवृत्त अधिकारी, माझे स्नेही, मला म्हणाले, "डॉक्टर, तुमचे वडील सज्जन होते म्हणून तुम्हाला हे सुचते. ज्याला खुंटीवरच्या शिक्षेची भीती नाही त्याचे काय? आणि देखरेख करायला माणसे कुठून आणणार? एकेका अधिकाऱ्याच्या टेबलावर फायलींचा ढीग असतो." पहिल्याला माझ्याकडे उत्तर आहे : बाँड मोडला तर शिक्षा आहेच. दुसऱ्याला नाही. प्रोबेशन कागदावर राहिले तर ते दंडाहूनही वाईट, फुकटची सुटका. पण जॉन ऑगस्टसला तरी सरकारने कुठे नेमले होते? इथे बसलेल्यांत निवृत्त शिक्षक आहेत, बँकेतले लोक आहेत, ज्यांनी जन्मभर हिशेब तपासले. गावातल्या दुकानदाराच्या बिलांवर महिन्यातून एकदा नजर फिरवायला लागते ते डोके आणि तो वेळ तुमच्याकडे आहे.

सुटून आल्यावर आप्पा पुन्हा तराजूपाशी बसले नाहीत. दुकान दादाने सांभाळले. आप्पा सकाळी माझ्या क्लिनिकच्या बाकावर येऊन बसत. कुणाकडून तरी त्यांनी एक साधी परीक्षा शिकून घेतली होती : काचेच्या पेल्यात पाणी घ्यायचे, वर चमचाभर हळद सोडायची आणि हलवायचे नाही. चांगली हळद हळूहळू तळाशी बसते आणि पाणी फिकट पिवळे राहते. रंग घातलेली असली तर खाली जाताना पाण्यात गडद पिवळ्या रेघा सोडते. माझ्या पेशंटांतल्या बायका हे पाहून घरची हळद पुडीत बांधून आणू लागल्या. औषधाला येताना हळद घेऊन यायच्या आणि आधी आप्पांकडे जायच्या. ते पेला खिडकीच्या उजेडात धरून बराच वेळ पाहत. रेघ दिसली तर हळद कुठून आणली ते विचारत, आणि म्हणत, "बिल घेतले होते का, बाई?"